सुळक्यांवरच्या जगातला 'ज्योतपाखी' : नामशेष होत चाललेला परागवाहक पटण्यासारखा कसा उभा करावा?

सुळकेवासी

एका कल्पनारम्य कादंबरीसाठी जग बांधतोय. त्यातल्या एका प्राण्याबद्दल जाणकारांचं मत हवंय, म्हणून हा धागा.

धुक्याच्या समुद्रातून वर आलेले काही शे दगडी सुळके, माथ्यांवर माणसांची वस्ती आणि सुळक्यासुळक्यांमध्ये झुलते पूल. पुलांचे दोर एकाच वनस्पतीच्या वाखापासून वळतात: कड्यांच्या भेगांत उगवणारी दोरवेल. ती रात्री फुलते. फूल पांढरं, नळी १८ सेंटिमीटर लांब, एका वेलीवर रात्रीला ६ फुलं, मोसम १० आठवड्यांचा. तिचं परागीभवन एकटा ज्योतपाखी करतो. हा ४० ग्रॅम वजनाचा, अंगावर लव असलेला उडता सरडा. गळ्याखाली उजेड देणारी पिशवी असते. फुलासमोर हवेत तरंगत मकरंद पितो, दुसरं काहीच खात नाही. माणसं दिव्यासाठी ती पिशवी काढून घेतात, त्यामुळे आता जेमतेम ३०० उरलेत.

मला अडतंय ते असं. दुसरा कुठला प्राणी त्याची जागा का घेत नाही? ३०० हा आकडा बरोबर वाटतो का? आणि तो कमी झाला की वेलीवर काय दिसायला लागेल, किती दिवसांत? 'प्राणी मेला, दुसऱ्या वर्षी पूल कोसळले' असं लिहायचं नाहीये.

परागकण

आधी शरीराचं पाहू, कारण बाकी सगळं त्यावर बेतलेलं असतं.

लव आहे म्हणजे तो उष्णरक्ती धरतो. तसा तो हवाच, धुक्याच्या गार रात्री थंड रक्ताचा सरडा पंख हलवूच शकणार नाही. पण ४० ग्रॅम आणि तरंगणं ही जोडी जमत नाही. हमिंगबर्डांतली सगळ्यात मोठी जात २० ग्रॅमच्या आसपास आहे. मकरंद पिणारी जी वटवाघळं फुलासमोर तरंगतात तीही साधारण १० ते २५ ग्रॅमची. तेव्हा एकतर त्याला १२ ग्रॅमवर आणा, नाहीतर फुलावर उतरून नख्यांनी धरायला लावा. उतरणारा ठेवलात तर फूल बदलावं लागेल: देठ लाकडासारखा जाड, पाकळ्या चामड्यासारख्या, तोंड रुंद. नाजूक लोंबती नळी हवी असेल तर १२ ग्रॅमच घ्या.

आता नळी. १८ सेंटिमीटर फार होतात. मादागास्करच्या अँग्रेकम सेस्क्विपेडाले या ऑर्किडची मकरंदनळी ३० सेंटिमीटरच्या घरात असते. ती पाहून १८६२ साली डार्विनने तेवढ्या लांब सोंडेचा पतंग असणार असं लिहिलं आणि १९०३ साली त्या पतंगाचं वर्णन प्रसिद्ध झालं. पण पतंगाची सोंड ही पोकळ, गुंडाळून ठेवता येणारी नळी असते, मांसल जीभ नव्हे. जिभेचा विक्रम पाहायचा तर इक्वाडोरचं अनौरा फिस्टुलाटा हे वटवाघूळ बघा. त्याची जीभ साडेआठ सेंटिमीटर, म्हणजे अंगाच्या दीडपट. ती तोंडात मावत नाही, तिचं मूळ बरगड्यांच्या पिंजऱ्यात असतं. ज्योतपाख्याला तेवढीच जीभ द्या आणि फुलाची नळी ९ सेंटिमीटरची करा. तो अर्धा सेंटिमीटर फरक मुद्दाम ठेवायचा. जीभ तळाला आरामात पोचली तर प्राणी लांबूनच पिऊन जातो. किंचित कमी पडली तर तो डोकं आत दाबतो आणि कपाळ परागकोशांवर घासलं जातं.

दुसरा कोणी जागा का घेत नाही, याचं उत्तर या घासण्यात आहे. पहिल्या रात्री वरच्या ओठाला चिकटलेले परागकोश (परागाच्या पिशव्या) फुटतात. दुसऱ्या रात्री ते वाळून मागे वळतात आणि नेमक्या त्याच जागी कुक्षी, म्हणजे पराग घेणारं चिकट टोक, खाली येते. पराग कपाळावर लागला आणि कुक्षीही कपाळालाच टेकली तर काम झालं. लांब सोंडेचा पतंग आला तर त्याचं डोकं ओठाला लागतच नाही, तो पिऊन निघून जातो. भुंगे नळीच्या बुडाशी भोक पाडून मकरंद चोरतात, हे खऱ्या जगातही सर्रास चालतं. म्हणजे फुलावर येणारे पाहुणे तुमच्या जगात भरपूर असू द्या. उलट ते असलेच पाहिजेत. पराग नेणारा तेवढा एकच.

नळी आखूड आणि उघडी ठेवलीत तर मात्र हा युक्तिवाद टिकत नाही. हवाई बेटांवर इएइए नावाच्या वेलीचे मूळचे पक्षी गेले, आणि माणसांनी बाहेरून आणलेल्या जपानी चष्मेवाल्या पक्ष्याने ते काम उचललं.

रानहिशेबी

परागकण यांच्याशी सहमत. आता पोटाचा हिशोब, तो केल्याशिवाय ३०० ला अर्थ नाही.

१० ग्रॅमच्या मधुभक्षी वटवाघळाला दिवसाला ४० ते ५० किलोज्यूल लागतात. १२ ग्रॅमच्या ज्योतपाख्याला ५० धरू. एक ग्रॅम साखर साधारण १६-१७ किलोज्यूल देते, म्हणजे रोज ३ ग्रॅम साखर. वटवाघळांच्या फुलांचा मकरंद पातळ असतो, साखर १७-१८ टक्के. तो धरला तर रात्रीला १५-१६ मिलिलिटर मकरंद प्यायला हवा, अंगाच्या वजनापेक्षा जास्त! हे अशक्य नाही, मकरंदावर जगणारे तेवढं पितात आणि पाणी भराभर बाहेर टाकतात. एका फुलात रात्रीला १५० मायक्रोलिटर मकरंद धरा: १०० फुलं, म्हणजे १७ वेली. चोर पतंग-भुंगे निम्मं नेतात असं मानलं तर एका ज्योतपाख्यामागे ३५ वेली. ३०० ज्योतपाख्यांना १०,००० च्या वर फुलत्या वेली लागतील. तुमच्या नकाशावर इतक्या वेली आहेत का ते आधी मोजा. नसतील तर संख्या शिकारीने घटण्याआधीच उपासमारीने घटलेली असेल.

४० ग्रॅमचाच हट्ट धरलात तर गरज वजनासारखी सव्वातीनपट नाही, पण सुमारे अडीचपट होते. वेलीही त्याच पटीत वाढवा.

'फक्त मकरंद' हे काढून टाका. मकरंदात प्रथिनं जवळजवळ नसतात. पिल्लाला दूध पाजणारी किंवा अंडी घालणारी मादी नुसत्या साखरेवर तगणार नाही. वटवाघळं पराग पचवून किंवा किडे खाऊन ही गरज भागवतात. ज्योतपाखी लवेवरचा पराग चाटून खातो असं दाखवा, छान बसेल. आणि उरलेल्या ४२ आठवड्यांचं काय? तीन वाटा आहेत: दुसरी फुलं, स्थलांतर, किंवा अंगाचं तापमान उतरवून पडून राहणं. कुठलीही घ्या, पण घ्या. १९९८ च्या दुष्काळात बोर्निओत उंबरवर्गी झाडांना फळं धरेनाशी झाली. त्या फळांतच वाढणाऱ्या आणि त्यांचं परागीभवन करणाऱ्या बारीक उंबरमाश्यांचं प्रौढ आयुष्य जेमतेम एक-दोन दिवसांचं, त्यांना तेवढी खंडही झेपली नाही. काही जातींच्या माश्या त्या जंगलातून नाहीशाच झाल्या. एका अन्नावर जगणाऱ्याला सरासरी वर्ष मारत नाही, मधली खंड मारते.

संख्या घटण्याचा वेग असा काढा. मादीला वर्षाला एकच पिल्लू, त्यातली निम्मी पिल्लं मादी, त्यांतली निम्मी जगून पुढच्या वर्षी विणीला येतात. म्हणजे १०० माद्यांमागे दरसाल २५ नव्या. म्हातारपण, घुबडं, वादळ यांत २० जातात. उरली ५ टक्के वाढ. आता शिकाऱ्यांनी १०० मागे फक्त १० जास्त मारले की वाढीची घट होते, दरसाल ५ टक्के. ३०० चे १५० व्हायला सुमारे १४ वर्षं लागतात. कथेला हा वेग फार उपयोगी आहे, कारण एका वर्षातला फरक कोणाच्या नजरेत भरत नाही. शिकारी म्हणेल 'गेल्या वर्षीइतकेच दिसतात', आणि तो खोटं बोलत नसेल.

आनुवंशिकतेच्या बाजूने ३०० म्हणजे धोक्याच्या रेषेखालीच. संवर्धनशास्त्रात १९८० पासून ५० आणि ५०० असा ठोकताळा वापरतात: नजीकच्या काळात अंतःप्रजननापासून वाचायला ५०, दीर्घकाळ तग धरायला ५००. पण हे आकडे पिढीला खरोखर हातभार लावणाऱ्या प्राण्यांचे आहेत. तशी संख्या एकूण मोजणीच्या बरीच खाली, कित्येकदा दहाव्या हिश्शावर असते. तुमच्या ३०० मधून ती ३०-४० भरेल. त्यात सुळके एकमेकांपासून तुटलेले असतील तर आणखी कमी.

एक मतभेद मात्र नोंदवतो. एक वेल आणि एकच प्राणी, दोघंही पूर्णपणे एकमेकांवर अवलंबून, ही मांडणी मला कृत्रिम वाटते. निसर्गात बहुतेकदा एक बाजू सैल असते.

निशिगंध

बहुतेकदा, हो. पण उंबर आणि उंबरमाशी आहेत, युका नावाची वनस्पती आणि तिचा पतंग आहे. युकाच्या पतंगाची मादी पराग गोळा करून त्याची गोळी कुक्षीवर स्वतः दाबते आणि त्याच फुलात अंडी घालते. अंडी फार झाली तर झाड ते फूल गाळून टाकतं. तेव्हा घट्ट जोडी चालते, फक्त दोघांनाही एकमेकांवर लगाम हवा. सुळकेवासी, तुम्ही दोरवेलीला तसा लगाम द्या: दाबाने डोकं आत न घालणाऱ्यासाठी मकरंद तळाशीच राहतो, आणि ज्या फुलाला पराग मिळाला ते पहाटेपर्यंत मिटतं. न मिळालेलं उघडंच राहतं. असं केलंत तर गावातल्या माणसाला सकाळी नुसती उघडी फुलं मोजून कळेल, काल रात्री कोणी आलं होतं की नाही.

वेलीवर काय दिसेल याचा क्रम महत्त्वाचा आहे, बहुतेक कथा इथेच चुकतात. वेली मरत नाहीत. फुलंही कमी होत नाहीत, कधीकधी वाढतात, कारण शेंगा पोसायच्या नसल्या की वेलीकडे ताकद शिल्लक राहते. सगळ्यात आधी घटतात ते शेंगेतले दाणे. ज्योतपाखी आला पण कपाळावर पराग थोडाच होता, तर शेंग धरते पण वाकडी. अशी एक शेंग उभी चिरून दाखवा: देठाकडच्या अर्ध्या भागात टपोरे काळे दाणे, टोकाकडे नुसत्या पांढऱ्या, कागदासारख्या चपट्या टिकल्या, ज्यांचं बी झालंच नाही. ज्या बाजूला दाणे भरले ती बाजू फुगलेली, दुसरी आत ओढलेली. काकडीत आणि सफरचंदातही अर्धवट परागीभवन झालं की हेच होतं. त्यानंतर शेंगांची संख्या घटते, मग भेगांतली कोवळी रोपं दिसेनाशी होतात. जुन्या वेली मात्र दिमाखात फुलत राहतात. न्यूझीलंडमध्ये ऱ्हॅब्डोथॅम्नस नावाच्या झुडपाचं असंच झालं. उत्तर बेटाच्या मुख्य भूमीवरून त्याचे पक्षी जवळजवळ गेले, झुडपं उभी आहेत, पण बी अगदी थोडं धरतं आणि नवी रोपं कमी झाली आहेत. पक्षी टिकून असलेल्या लहान बेटांवर तेच झुडूप नीट बी धरतं.

दोरवेल ६०-७० वर्षं जगते असं धरलंत तर ज्योतपाखी संपल्यावरही दोन पिढ्यांना दोर मिळत राहील. पूल कोसळायचे ते नातवांच्या काळात.

उजेडाबद्दल. जमिनीवरच्या कुठल्याही पाठीच्या कण्याच्या प्राण्यात स्वतःचा प्रकाश नाही, तो मान माशांकडे आहे. त्यामुळे 'पिशवी चमकते' एवढ्यावर सोडू नका. उजेड अन्नातून आलेला ठेवा, रोहित पक्ष्याचा गुलाबी रंग अन्नातून येतो तसा. दोरवेलीचा मकरंद रंगीत करा, त्यातलं द्रव्य पिशवीत साठतं. मॉरिशसमध्ये रंगीत मकरंदाची फुलं आहेत आणि तिथले पालींच्या जातीचे प्राणी तो रंग पाहून येतात. याचा फायदा असा की मकरंद घटला की उजेड मंदावतो, मंद नराला मादी निवडत नाही आणि पिल्लं आणखी घटतात. संख्या जितकी कमी तितकी वाढ कठीण, याला ॲलीचा परिणाम म्हणतात, आणि तो तुमच्या प्राण्याच्या अंगातच बसवता येईल. शिवाय मंद पिशव्यांचा भाव पडल्यावर उरलेल्या तेजस्वी नरांमागे सगळे शिकारी लागतात.

शिकार हे एकच कारण ठेवू नका, असंही सुचवते. मॉरिशसमध्येच रूसिया नावाचं झुडूप आहे. पाल त्याचं परागीभवनही करते आणि बीही पसरवते. बाहेरून आलेल्या मुंग्या फुलांवर पिठ्या ढेकूण पाळतात, त्यांची राखण करतात आणि पालीला हुसकावतात. पाल मेलेली नाही, पण फुलाला ती मिळत नाही. तुमच्या पुलांवरून चालत अशा मुंग्या सुळक्यासुळक्यांवर पोचल्या तर? पूल हेच कारण ठरतात.

सुळकेवासी

मनापासून आभार. १२ ग्रॅम, ९ सेंटिमीटर, रंगीत मकरंद आणि मुंग्या, चारही घेतले. पहाटे मिटणारं फूलही घेतलं.

पुढचं विचारतो. गावकरी दोराला लटकून हाताने परागीभवन करायचं ठरवतात. ते कितपत जमेल, आणि कुठे फसेल? यांत्रिक साधनं काही नाहीत: काड्या, कापड, मडकी, चुना एवढंच.

दोरखंड

जमेल. खऱ्या जगात याला आधार आहे. हवाईच्या काउआई बेटावर ब्रिघॅमिया नावाची वनस्पती समुद्राकडेच्या सरळ कड्यांवर उगवायची. तिचा परागवाहक नाहीसा झाल्यावर वनस्पतितज्ज्ञ दोराने उतरून हाताने पराग लावत असत. आणि व्हॅनिला तर जगभर हातावरच चालते. १८४१ मध्ये रेयुनियन बेटावर एडमंड अल्बियस या १२ वर्षांच्या गुलाम मुलाने बारीक काडीने फुलातला पडदा उचलून पराग दाबायची रीत काढली, आजही तीच वापरतात.

तुमच्या वेलीसाठी रीत अशी लिहा. संध्याकाळी उमलायच्या बेतातली कळी तलम कापडाच्या पिशवीत बांधायची, म्हणजे चोर पराग नेणार नाहीत. कोश फुटले की ते काड्यांच्या चिमट्याने काढून कापडावर सावलीत पसरायचे, उन्हात नाही. सुटलेला पराग बारीक कापडाच्या पुरचुंडीत घालून मडक्यात ठेवायचा. तळाशी चुनकळी, वर जाळी, मग पुरचुंडी, तोंड मेणाने बंद. चुनकळी ओल शोषते, पण परागाला तिचा स्पर्श होता कामा नये. दुसऱ्या रात्री दुसऱ्या वेलीच्या खाली आलेल्या कुक्षीवर मऊ पिसाने तो टेकवायचा, चोळायचा नाही. कुक्षी चिकट आणि चकचकीत दिसते तेवढाच वेळ उपयोगाचा. लावून झालं की देठाला रंगीत दोरा बांधायचा, नाहीतर कोणती शेंग हाताची आणि कोणती प्राण्याची हे कळणार नाही.

फसण्याच्या जागा तीन, आणि पहिलीत बहुतेक गाव फसेल. भेगेतून भेगेत पसरलेल्या वेली दिसतात वेगवेगळ्या, पण मुळातून फुटलेल्या एकाच वेलीच्या असतात. वेल स्वतःचा पराग नाकारणारी असली तर अख्खा कडा हाताने करूनही शेंग धरणार नाही. पराग शेजारच्या सुळक्यावरूनच आणावा लागेल. दुसरी गोष्ट धुकं. ओला झालेला पराग फुगून फुटतो. दाट धुक्याच्या रात्री काम बंद ठेवायचं. तिसरी, सोपं म्हणून सगळे एकाच भरघोस वेलीचा पराग वापरतात, आणि पुढची पिढी सगळी सावत्र भावंडं निघते. प्रत्येक मडक्यात निदान आठ-दहा वेलींचा पराग मिसळलेला हवा.

माणसाचा वेगही मोजून घ्या. दोरावरचा माणूस एका वेलीला २५ मिनिटं घेईल असं धरा. आठ तासांत १९ वेली, ११०-११५ फुलं. म्हणजे चोर धरले तर एक सराईत माणूस एका ज्योतपाख्याच्या साधारण निम्मं काम करतो, तेही ७० रात्री न चुकता. गावाकडे अशी किती माणसं आहेत त्यावर किती सुळके वाचवायचे ते ठरेल. सगळे वाचणार नाहीत, आणि कोणते सोडायचे यावर पंचायतीत भांडण झालंच पाहिजे.

परागकण

दोरखंड यांच्या रीतीला एक पुरवणी. हाताने नुसतं बी वाचतं, प्राणी वाचत नाही. उलट बांधलेल्या कळ्यांचा मकरंद त्याला मिळत नाही. म्हणून एका वेलीवरच्या ६ पैकी २ फुलांनाच पिशवी, बाकी ४ त्याच्यासाठी उघडी.

आणि दोरासाठी वेल कधी कापतात ते अजून लिहिलेलं नाही. वाख फुलण्याआधी चांगला निघत असेल, आणि तसं असणं साहजिक आहे, तर ज्योतपाख्याचं अन्न पिशवीचे शिकारी नव्हे, दोर वळणारे तोडतायत. मेक्सिकोत टेकिला ही दारू ज्यापासून होते त्या अगेव्ह वनस्पतीचं हेच आहे. साखर गड्ड्यात राहावी म्हणून फुलांचा दांडा येण्याआधीच कापतात, मग वटवाघळांना फुलं मिळत नाहीत. तिथे वटवाघळांसाठी ५ टक्के झाडं फुलू द्यायची अशी पद्धत काही शेतकऱ्यांनी घेतली. तुमच्या गावात हाच नियम आणा, पण ते ५ टक्के एका कोपऱ्यात राखू नका. प्रत्येक सुळक्यावर, एका रात्रीच्या उड्डाणात गाठता येतील अशा अंतरावर निदान ३५ वेलींचे पुंजके ठेवा. त्याहून लहान पुंजक्यावर त्याचं पोट भरत नाही, तो तिकडे फिरकणारच नाही, आणि राखलेल्या वेलीही बिनबियांच्या राहतील.